लॉर्कन धक्क्यावर उभा राहिला

लॉर्कन डेव्हनीच्या पायाला भिंगरी आहे, असं आमच्याकडे सगळेच म्हणायचे आणि त्यात खोटं काहीच नव्हतं. आमच्या डोनेगल जिल्ह्याचा हा पोरगा टीव्हीवर बातम्या द्यायला लागला तेव्हा त्याची आई म्हणाली, "चला, भटकायचंच आहे तर निदान पगार घेऊन भटकेल."

आणि भटकला की! पूर आला, लॉर्कन हजर. बर्फात मेंढ्या गाडल्या गेल्या, लॉर्कन हजर. वादळात आमचा अख्खा किनारा उडून चाललेला असायचा, शहाणी माणसं दाराला कडी लावून बसायची, आणि हा गडी समुद्राकडे पाठ करून, एका हातानं टोपी धरून देशाला सांगायचा, की कृपा करून घराबाहेर पडू नका. "मग तू काय करतोयस तिथं, गाढवा!" असं आई टीव्हीवर ओरडायची.

गाडी हेच त्याचं घर. मागच्या सीटवर इस्त्रीचे शर्ट, पायाशी चिकन रोलचे चुरगळलेले कागद. एका जागी बूड टेकेल तर शपथ! जेवतानाही किल्ल्या हातात खुळखुळायच्या. सिबॉन नावाची चांगली शिक्षिका त्याच्याशी लग्न करता करता राहिली. "तुला बघावंसं वाटलं की सहाला टीव्ही लावीन," असं म्हणून तिनं अंगठी परत केली. तो आठवडाभर हळहळला आणि मग कुठेतरी डोंगर खचला म्हणून निघून गेला.

त्याला खरं तर ब्रसेल्सला जायचं होतं. वर्षानुवर्षं एकच ध्यास. तिथल्या वार्ताहराची जागा रिकामी झाली आणि लॉर्कनला मुलाखतीचं बोलावणं आलं. शुक्रवारी सकाळी, डब्लिनला. मेंढ्या आणि वादळं आता पुरे, असं त्यानं मॅलकीला, म्हणजे त्याच्या कॅमेरामनला, दहादा तरी ऐकवलं असेल.

नेमकं तेव्हाच पोर्टाहोरच्या बंदराबाहेर कॉनल गिलेस्पीची खेकडे पकडायची होडी रिकामी सापडली.

कॉनल विधवेचा एकुलता एक. आई नुआला धक्क्याच्या वरच्या अंगाला राहते, तिच्या खिडकीतून सगळं बंदर दिसतं. आमच्या किनाऱ्यावर माणूस बुडणं नवं नाही, पण देह हाती लागला नाही तर आईला रडायलाही धड मिळत नाही. घरात देहाजवळ रात्रभर माणसं बसवता येत नाहीत, आरसे झाकता येत नाहीत, थडगं नाही. नुसतं पाण्याकडे बघत राहायचं. शोध सुरू झाला. हेलिकॉप्टर आलं, पाणबुडे आले, आसपासच्या बंदरांतले कोळी आपापल्या होड्या घेऊन आले. आणि लॉर्कन आला.

रोज सहाला टीव्हीवर प्रार्थनेच्या घंटा वाजल्या की बातम्या, आणि बातम्यांत धक्क्यावरून लॉर्कन. नुआला ते घरात बसून बघायची आणि संपलं की चहाची किटली आणि हॅमचं सँडविच घेऊन खाली यायची.

"खा रे. तोंड बघ कसं झालंय तुझं टीव्हीवर, भाजलेल्या बटाट्यासारखं."

"नुआला, तुम्ही कशाला त्रास घेता?"

"मी काय करू मग घरात? हे बघ, तुझा कॅमेऱ्याचा दिवा लागला ना, की या माणसांना हुरूप येतो. मॅकफॅडनचा पोरगा बुडाला तेव्हा आधी कॅमेरे गेले आणि पाठोपाठ होड्या गेल्या. तो अजून मिळाला नाही. तू आहेस तोवर माझा कॉनल मिळेल बघ."

असं काही नसतं, हे लॉर्कनला सांगायचं होतं. शोध भरतीवर चालतो, टीव्हीवर नाही. पण बाईच्या तोंडाकडे बघून त्याची जीभ उचलली नाही. किल्ल्या मात्र खिशात खुळखुळत राहिल्या.

मग हेलिकॉप्टर परत गेलं. पाणबुडेही गेले. डब्लिनहून बातम्यांची प्रमुख रोशीन हिचा फोन आला.

"लॉर्कन, बातमी संपली. रोज तेच पाणी आणि त्याच्यापुढे तूच. आजपासून तुझा तुकडा बातम्यांत घेत नाही. ये आता, उद्या मुलाखत आहे, विसरलास की काय?"

विसरतोय कसला! तिथं उभं राहून राहून त्याच्या पायांना मुंग्या आल्या होत्या. नुआलाला तोंड दाखवायची हिंमत मात्र झाली नाही. सामान आवर, असं मॅलकीला सांगून तो दुपारी चोरासारखा गाडीत बसला आणि सुटला. रस्ता मोकळा होता. सुटलो एकदाचा, असं तो मोठ्यानं म्हणालासुद्धा.

ओमा गावाच्या अलीकडे तो पेट्रोल भरायला थांबला. गल्ल्यावरच्या बाईनं त्याला लगेच ओळखलं.

"अगंबाई, तुम्ही टीव्हीवरचे! काय हो, सापडला का तो पोरगा?"

"नाही अजून."

"नाही?" बाईनं उरलेले पैसे त्याच्या हातावर ठेवले. "मग तुम्ही इकडे कुठे?"

बाईनं सहज विचारलं होतं, तिच्या मनात काही नव्हतं. पण लॉर्कनला ते असं झोंबलं की गाडीत बसून त्यानं स्टिअरिंगवर मूठ आपटली. "मी काय कोळी आहे? मी काय त्याचा बाप आहे?" तो स्वतःशीच भांडला. पुढच्या चौकात त्यानं गोल चक्कर घातली, मग आणखी एक घातली, मागून लोकांनी शिव्या दिल्या. आणि मग गाडी आली होती त्याच रस्त्याला लागली.

सहाच्या थोडं आधी तो धक्क्यावर पोचला. मॅलकी पेट्या भरत होता.

"काढ सगळं बाहेर. दिवा लाव."

"अरे, पण कोण घेतंय आपल्याला? डब्लिननं लाइन बंद केलीय."

"मला माहितेय. तू दिवा लाव आणि गप उभा राहा."

"आणि तू कोणाशी बोलणार? माशांशी?"

"माशांशी बोलेन! लाव म्हणतो ना!"

दिवा लागला. लॉर्कननं कॉलर सरळ केली, माइक धरला आणि ज्याचं चित्र कुठेही जात नव्हतं त्या कॅमेऱ्याकडे बघून भरती, वारा, आज कुठवर शोधलं, हे सगळं नीट सांगितलं. कॉनलचं नाव घेतलं. खोटेपणाची इतकी लाज वाटली की कान तापले. नुआला नेहमीसारखी किटली घेऊन आली. सँडविच त्याच्या हातावर ठेवलं.

शुक्रवारची मुलाखत झाली ती त्याच्याशिवाय. रोशीन फोनवर भडकली, "तुझं डोकं फिरलंय का? पुन्हा अशी संधी येत नसते!" त्यालाही ते कळत होतं. तो धक्क्यावर येरझाऱ्या घालायचा, स्वतःला मूर्ख म्हणायचा, आता निघतोच म्हणायचा. आणि सहा वाजले की दिवा लावायचा. होड्या मात्र रोज जात होत्या. उलट वाढल्याच.

कॉनल मिळाला तो ह्यूई बॉइल या कोळ्याला, खडकांमागे, खेकड्यांच्या पिंजऱ्यांच्या दोरांत.

नुआलाच्या घरी माणसांची रीघ लागली. आत शवपेटी, बाहेर खोलीत चहा, सिगारेटी आणि कॉनलच्या खोड्यांच्या गोष्टी. लॉर्कन कॅमेऱ्याशिवाय गेला. नुआलाचा हात हातात घेतला आणि त्याला राहवेना.

"नुआला, मला तुम्हाला एक सांगायचंय. ते शेवटचे दिवस मी..."

"टीव्हीवर नव्हतास," ती म्हणाली. "अरे, माझ्या घरात टीव्ही आहे. गावात घरटी टीव्ही आहे! पहिल्याच संध्याकाळी घंटा झाल्या, बातम्या झाल्या, हवामान झालं, तुझा पत्ता नाही. म्हटलं, गेला हाही. उठून खिडकीत आले तर तू दिव्यात उभा, वाऱ्याशी बडबडतोयस."

लॉर्कनला कुठे बघावं कळेना.

शेजारच्या खुर्चीतून ह्यूई बोलला, "आम्ही तर होड्या ओढून घेणार होतो, खोटं कशाला बोलू. पण म्हटलं, हा शहरी बूट घातलेला माणूस कोणी बघत नसताना थंडीत उभा राहतो, आणि आपण घरी बसून बटाटे सोलायचे? थू आपल्या जिंदगानीवर!"

नुआलानं लॉर्कनचा हात सोडला नव्हता. "उद्या तू खांदा देशील," ती म्हणाली. तिनं विचारलं नव्हतं, सांगितलं होतं. मग ती रडली, मोकळी, मोठ्यानं, आणि बायकांनी तिला जवळ घेतलं.

दुसऱ्या दिवशी चर्चपासून दफनभूमीपर्यंत पेटी खांद्यावर निघाली. पुढे डावीकडे लॉर्कन, उजवीकडे ह्यूई. रस्त्यापलीकडे दुसऱ्या कुठल्या वाहिनीची तरणी वार्ताहर माइक धरून उभी होती. लॉर्कननं मान वळवली नाही, पण धावपळीची सवय ती सवय, त्याची पावलं भराभर पडायला लागली. मागची माणसं अडखळली.

"हळू, लॉर्कन," ह्यूई पेटीखालून पुटपुटला. "तो आता कुठे पळून जात नाही. तूही जाऊ नकोस."

लॉर्कननं ह्यूईच्या पावलाशी पाऊल मिळवलं आणि चढ संपेपर्यंत ते तसंच ठेवलं.