कडुनिंबाला दिलेला आधार

आमच्या घरासमोरच्या कडुनिंबाला मी आधार द्यायला गेलो, त्या दिवशी अर्ध्या गल्लीनं पाणी भरून घेतलं.

मेहकरला घर बांधल्यावर मी, म्हणजे गल्लीचे 'सर', दारात कडुनिंब लावला. रोप माझ्या कमरेएवढं. (म्हणजे उंचीनं! घेराचा विषय नको.) जरा वारा सुटला की ते पार जमिनीला टेकायचं. शेवटी एका रविवारी मी पहार आणि बांबूची काठी घेऊन बाहेर आलो.

बायको ओट्यावर शेंगा फोडत बसली होती. "तिथं नका खणू. तिथूनच गल्लीच्या नळाची लाइन गेली."

"मले माहीत हाय कुठून गेली ते. घर मीच बांधलं!"

"घर मिस्त्रीनं बांधलं. तुम्ही खुर्चीत बसून होते."

यावर उत्तर म्हणून मी पहार दणकन हाणली. खालून 'फस्स' झालं आणि पाण्याचा फवारा थेट चष्म्यावर! आमच्याकडे नळ त्याच्या मर्जीनं येतो. नेमकी तेव्हाच त्याची मर्जी झाली होती. घाबरून मी काठी त्या भोकात खुपसली. पाणी थांबलं. पण हात सैल केला की काठी वर उसळे! मग मी तिला मिठी मारून तिथेच चिखलात बसकण मारली.

बायकोनं प्लंबरला फोन लावला. तो जानेफळला तेरवीला गेलेला.

"आताच पंगतीत बसलो, ताई. सरले म्हणा, धरून ठेवा!"

तेवढ्यात शेजारच्या काकू रिकामी घागर घेऊन आल्या. "काऊन हो सर, चिखलात बसले? अन् आमच्या नळाले थेंब नाही!"

मी झाला प्रकार सांगितला. त्यांना दुःख वगैरे काही झालं नाही.

"मंग जरा काठी ढिली करा न!"

केली. घागर भरली. "बस, बस! दाबा आता!"

ही बातमी फुटायला कितीसा वेळ लागतो? बादल्या, हंडे, पिंप, रांग!

"सर, हळू सोडा, गढूळ येऊन राह्यलं!"

"सर, नंबर माझा होता, तुम्ही त्यायले कसं देल्लं?"

कुणीतरी चहा आणला. माझे दोन्ही हात गुंतलेले. बायकोनं बशी तोंडाशी धरली आणि भर गल्लीत विचारलं, "फुंकून देऊ का?"

दुपारी प्लंबर ढेकर देत आला. पाइप जोडला, खड्डा बुजवला, इकडेतिकडे पाहिलं.

"लाइन झाली, सर. पण ज्याच्यासाठी हे केलं, ते झाड कुठी हाय?"

सगळी गल्ली झाड शोधू लागली. मीही बसल्या बसल्या मान वळवून शोधलं. मग बायको शांतपणे म्हणाली, "जरा उठता का?"

उठलो. कडुनिंब माझ्याखाली होता! पण चिवट जात; मोडला नव्हता, फक्त पापडासारखा झाला होता.

आता तो झकास वाढतोय, ताठ उभा आहे. त्याला काठी बायकोनं लावली, जुन्या लुगड्याच्या चिंधीनं सैलसर बांधलंही तिनंच. मी तेव्हा मदत म्हणून गच्चीवर जाऊन बसलो होतो. गच्चीच्या दाराला आतून कडी तिनंच लावली होती!