तेरावा झाला, सोळावा राहिला

किस्से कुणी गोळा करत नाही. सरकारी ऑफिसच्या पायरीवर उन्हातान्हात बसलं की ते कुसळासारखे कपड्याला चिकटतात आणि घरी येऊन झटकले तरी निघत नाहीत.

लातूरला सैनिक ऑफिससमोर चाचाचं चहाचं हॉटेल आहे. फौजेतून सुटलेली माणसं तिथंच बसतात. ऑफिसात काम पाच मिनिटांचं, चाचाकडं बसणं पाच तासांचं. त्या दुष्काळात चाचा गिलास धुवायचा नाही, फडक्यानं पुसायचा. कुणी तोंड वाकडं केलं की म्हणायचा, "फौजी का जूठा फौजी पीता है. इसमें क्या?"

मी फौजी नाही. सातवीत दोनदा गटांगळी खाऊन शाळा सोडलेला माणूस. फौजेत हवालदार होता माझा थोरला भाऊ, बळीराम. त्याच्या एका कागदापायी मी त्या बाकावर बसायला लागलो. आता चाचा मला न विचारताच चहा देतो.

*

दादा सतरा वर्षं नोकरी करून घरी आला. आमचं गाव चाकूर आणि उदगीरच्या मधे. आल्या आल्या त्यानं एकच ठरवलं. आरतीला, म्हणजे त्याच्या पोरीला, आठवीपासून नांदेडच्या वसतिगृहात ठेवायचं. "माझी पोरगी घागर घेऊन टँकरमागं पळणार न्हाई," एवढंच बोलला.

वसतिगृहाला उत्पन्नाचा दाखला पाहिजे. दाखल्यासाठी तहसीलला गेलो तर क्लार्क म्हणाला, "नोकरदार होता ना? मग शेवटच्या वर्षाचा फॉर्म सोळा आणा."

बाहेर आल्यावर मी दादाला विचारलं, "सोळावा मागायलेत. मग आधीचे पंधरा कुठंत?"

दादानं मला तसंच चाचाकडं नेलं आणि सुभेदार काकांसमोर उभं केलं. काका म्हणजे त्या बाकाचे मालकच. रिटायर होऊन वीस वर्षं झाली, पण मिशा अजून ड्यूटीवर. सगळ्यांचे अर्ज तेच लिहून देतात.

"काका, ह्याला सांगा. हा पंधरा फॉर्म हुडकायलाय."

काकांनी नीट समजावलं. वर्षभरात पगार किती झाला, त्यातून टॅक्स किती कापला, ते लिहिलेला कागद म्हणजे फॉर्म सोळा. फौजेचं पगाराचं ऑफिस तो देतं. ऑफिस लांब, दोन दिवसांच्या रेल्वेवर.

मी म्हटलं, "पण मग पंधरा?"

काका म्हणाले, "पंधरा ह्यानं भरले म्हणून तर सोडला ह्याला. सोळावा भरला असता तर जनरल झाला असता."

तेव्हापासून चाचाच्या हॉटेलात त्या कागदाचं नाव 'सोळावा' पडलं.

*

असाच एक सोळावा इस्लापूरच्या एका फौजी नायकाला आला होता. काका हा किस्सा नव्या माणसाला हमखास सांगतात. कागदावर नाव ह्याचंच, पण बापाचं नाव दुसरं, नंबर दुसरा. पलटणीत त्याच नावाचा आणखी एक गडी होता, धर्माबादचा. त्याचा कागद ह्याच्याकडं आला आणि ह्याचा त्याच्याकडं गेला.

हा रागारागानं एसटीत बसला आणि कागद बदलून आणायला धर्माबादला गेला. तीन दिवस पत्ता नाही. बायकोनं रडत काकांना फोन लावला. चौथ्या दिवशी हा परत आला तो नवीन टोपी घालून. त्या दुसऱ्याच्या पोराशी आपल्या पोरीची सोयरीक ठरवून आला होता.

काकांनी विचारलं, "अन् कागद?"

"राहिला की तिथंच."

*

आमचा अर्ज काकांनी हिंदीत लिहिला. सोबत आपला पत्ता लिहिलेलं पाकीट जोडायचं होतं. दादाला टँकरच्या वेळेला गावात पोचायचं होतं. त्यानं कोरं पाकीट माझ्या हातात दिलं. "पत्ता तू लिही. तेवढं तर येतंय ना तुला?"

त्याच दिवशी व्हॉट्सअ‍ॅपवर धुरळा उडाला होता की उदगीर जिल्हा होणार. आमच्या फाट्यावर पेढे वाटले. किराणा दुकानदारानं दुपारपर्यंत पाटीसुद्धा रंगवून घेतली. लातूर पुसून खाली 'जि. उदगीर'. मी पेढा तोंडात धरून त्या पाटीखालीच बसलो आणि पाकिटावर दादाचं नाव लिहिलं, गावाचं नाव लिहिलं, आणि पाटीवर बघून लिहिलं, जि. उदगीर.

पिनकोडची सहा घरं मोकळी सोडली. जिल्हा बदलला म्हणजे पिनही बदलणार. जुना कशाला लिहायचा? पाकीट रात्री घरी कोनाड्यात ठेवलं आणि सकाळी पोस्टात टाकलं.

नव्या जिल्ह्याचं पहिलं पाकीट आपण टाकलं, म्हणून मी दोन दिवस छाती काढून फिरलो. जिल्हा काही झाला नाही. दुकानदारानं पाटी पुसून परत लातूर लिहिलं. माझं पाकीट गेलेलं होतं.

*

हा किस्सा मी चाचाकडं सांगत नाही. इथं एकदाच सांगतो.

गावात टँकर आला की पाणी सरकारी विहिरीत सोडायचे आणि गाव काठावर पोहरे घेऊन तुटून पडायचं. दादानं ते बंद केलं. सगळ्यांना लाइनीत उभं करायचा आणि ओरडायचा, "एक से गिनती कर." लोक चिडायचे, पण गिनती करायचे. गंगू म्हातारी तेवढी करायची नाही.

"म्हातारे, नंबर बोल."

"माझा नंबर माझ्या घागरीला इचार, हवालदारा."

मग सगळी लाइन हसायची. दादा पण.

एकदा दादा असाच काठावर उभा राहून गिनती घेत होता. काठाचा दगड सुटला. विहीर चाळीस फूट आणि खाली पाणी गुडघाभर.

दादा पडला तरी लाइन मोडली नाही. मिनिटभर कुणी जागचं हाललं नाही. त्यानं सवयच तशी लावली होती.

माझा नंबर सातवा होता.

*

तेराव्याला सुभेदार काका आणि चाचा लातूरहून आले. जेवण टँकरच्या पाण्यावर केलेलं. काकांनी जेवून हात रुमालाला पुसले, पाणी घेतलं नाही.

मी ओट्यावर बसलो होतो. काका शेजारी येऊन टेकले. मग हळूच म्हणाले, "तेरावा नीट झाला. सोळाव्याचं काय? आला का?"

आमची आत्या बहिरी आहे, पण नको ते तिला बरोबर ऐकू येतं. ती म्हणाली, "आता ह्यो सोळावा कोणता रे? फौजीला ज्यास्तीचे दिवस करावं लागतंय का?"

वहिनी दारात उभी होती. तेरा दिवसांत ती कुणाशी बोलली नव्हती.

"करावं लागतंय आत्याबाई," ती म्हणाली. "सोळावा झाल्याबिगर फौजी सुटत न्हाई."

*

दाखल्याला आता पंधरा दिवस राहिले होते. त्यानंतर वसतिगृहाची यादी बंद. काकांनी पगाराच्या ऑफिसचा फोन नंबर दिला. मी चाचाच्या हॉटेलातून लावला.

"साहब, बळीराम हवालदार का सोलह नंबर का कागज."

"नंबर बोलो."

दादाचा नंबर त्याच्या ट्रंकेवर पांढऱ्या रंगानं लिहिलेला आहे. तो मला शाळेतल्या कुठल्याही कवितेपेक्षा पाठ आहे. धडाधड बोललो.

"भेज दिया. रजिस्टर्ड डाक से. डेढ़ महीना हो गया."

"मिला नहीं साहब."

साहेब मोठा चांगला माणूस. रजिस्टर पोस्टाचा नंबर सांगितला. वर म्हणाला, "दूसरा भी बना देंगे. हवालदार साहब को फोन दो, अर्जी कैसे लिखनी है, मैं बता देता हूँ."

माझ्या तोंडून निघून गेलं, "वो तो मर गए साहब."

मग साहेब म्हणाला, "बड़ा अफसोस हुआ." आणि पुढं म्हणाला, "फिर तो दूसरा ऐसे नहीं निकलेगा. पहले वारिस का सर्टिफिकेट लगेगा, कोर्ट से. तब भेजना."

कोर्टाचा कागद म्हणजे सहा महिने. म्हणजे आता जे काही होतं ते त्या पहिल्या पाकिटातच होतं.

मी फोन ठेवला तसा काकांनी कपाळावर हात मारला. "अरे गाढवा, मेला म्हणून कशाला सांगितलास?"

"मेला तर काय सांगू?"

"कागद येईस्तोवर माणूस जिता ठेवायचा असतो रे."

ते मी घरी येऊन वहिनीला जसंच्या तसं सांगितलं. ती पीठ मळत होती. वाटीतलं पाणी बोटानं शिंपडत होती, थेंब थेंब.

*

चाकूरच्या नेट कॅफेवाल्यानं रजिस्टरचा नंबर कॉम्प्युटरवर टाकला.

"तुमचं पाकीट उदयगिरीला हाय."

"हे कुठं आलं?"

"आंध्रात दाखवायलंय. ओरिसात बी एक उदयगिरी हाय म्हणे. तुम्हाला कोणत्या उदयगिरीला पाहिजे होतं?"

"मला उदगीर पाहिजे होतं."

"मग जिल्हा काय टाकला होता?"

मी त्याचे पैसे दिले आणि बाहेर आलो. बसस्टँडवर तीन बस सोडल्या.

शेवटी वहिनीपुढं बसून सगळं सांगितलं. दुकानाची पाटी, पेढा, पिनची मोकळी घरं. म्हटलं, वहिनी, दादानं पोरीसाठी एकच गोष्ट मागितली होती, ती मी आंध्रात पाठवली. मला मारा.

ती म्हणाली, "भावजी, ते पाकीट तुम्ही टाकायच्या आधी त्यांनी बघितलं होतं."

"मग? बोलला का न्हाई मला?"

"हसले. म्हणले, गावाचं नाव बरोबर हाय, येतंय हुडकत. राहू दे, त्यानं पहिल्यांदा मनानं काहीतरी लिहिलंय."

*

आता शेवटचा.

तहसीलची शेवटची तारीख उद्यावर आली होती. ऊन असं की कुत्रीसुद्धा भिंतीच्या सावलीला सरळ रेघेत झोपलेली. आरती घागर घेऊन बाहेर गेली होती. मी ओट्यावर बसलो होतो.

मारोतीमामा पोस्टमन सायकल ढकलत आले. सायकल भिंतीला लावली आणि पिशवीतून पाकीट काढलं. माझं अक्षर मी लांबूनच ओळखलं. पाकिटावर जागा अशी उरलीच नव्हती. उदयगिरीचा शिक्का, धर्माबादचा शिक्का, नांदेडचा शिक्का. पत्त्यावर तीन पेनांच्या तीन रेघा. 'जि. उदगीर'च्या खाली कुणीतरी लाल शाईनं लिहिलं होतं, ऐसा कोई जिला नहीं.

मी उठून हात पुढं केला. मामांनी पाकीट दिलं नाही. ते सह्यांच्या यादीकडं बघत होते. दादाच्या तिरडीला पुढचा डावा खांदा त्यांचाच होता.

"बळीराम हाय का घरी?" त्यांनी यादीलाच विचारलं.

माझा हात तसाच पुढं होता.

"रजिस्टर हाय. घरच्या माणसाला देता येतंय, पण ज्याच्या नावचं हाय तो जिता पाहिजे. नसला तर मला 'मयत' लिहून परत धाडावं लागतंय. नोकरी हाय माझी." मग जरा मोठ्यानं, घरात ऐकू जाईल असं, परत म्हणाले, "बळीराम हाय का?"

मी तोंड उघडलं होतं. माझ्या तोंडातून काय निघालं असतं, मला माहीत आहे.

वहिनी आतून आली. हाताला पीठ. कपाळ मोकळं. मामांनी मान वर केली नाही.

"हायत की मामा," ती म्हणाली. "पाण्याच्या लाइनीत गेलेत. नंबर लागला की येतील. आणा, मी सही करते."

मामांनी कानावरचा पेन काढून तिच्या हातात दिला. तिनं भिंतीला यादी टेकवून सही केली. पिठाचं बोट कागदावर उमटलं. मामांनी पाकीट दिलं, यादी पिशवीत घातली, सायकल वळवली.

"लवकर येऊ दे म्हणावं त्याला," मामा म्हणाले. "ऊन लई हाय."