निळू सातव्या मजल्यावर पोचला

मुकुंदच्या बायकोचा, रसिकाचा फोन आला तेव्हा मी डब्लिनच्या चेरीवूड भागातल्या ऑफिसात मीटिंगमध्ये होतो. ती कामाच्या वेळी कधी फोन करत नाही, त्यामुळे तिचं नाव दिसताच मी उठून जिन्यापाशी गेलो. "अविनाश, मुकुंद गेला रे," ती म्हणाली. "नऊच्या सुमाराला. मी चहा गाळत होते, वळून बघितलं तर..." मग म्हणाली, "सावकाश ये. पाऊस आहे. आता घाई करण्यासारखं काही राहिलं नाही." डब्लिनहून त्यांचं गाव, कासलबार, तीन तासांवर. त्या तीन तासांत मला रडू यायला हवं होतं, पण खरं सांगतो, गाडी चालवताना मला सारखी त्याची एक आरोळी आठवत होती. वर्षभरापूर्वी एका शनिवारी दुपारी, स्वतःच्या घराच्या बैठकीच्या खोलीत, अर्ध्या उरलेल्या आवाजात मारलेली. त्याच्या घरी पोचलो तेव्हा शेजारीपाजारी सँडविचेसचे ट्रे घेऊन आले होते, 'सॉरी फॉर युअर ट्रबल' असं तिकडच्या रीतीने सांत्वन करत एकेक जण रसिकाचा हात हातात घेत होता, आणि माझ्या कानात मात्र ती आरोळीच. या गोष्टीला आता पाच आठवडे झाले. मुकुंदच्या आजारपणाबद्दल पुष्कळ जण हळहळून बोलतात. मला त्या शनिवारबद्दल लिहायचं आहे.

मुकुंद आणि मी नागपुरातले, इंजिनिअरिंगच्या हॉस्टेलवर चार वर्षं एका खोलीत राहिलेलो. पुढे तो आयर्लंडच्या मेयो परगण्यातल्या एका कारखान्यात लागला. हृदयाच्या झडपांसाठी लागणाऱ्या बारीक नळ्या तिथे बनतात आणि त्या तपासून 'पास' किंवा 'फेल' म्हणणं हे त्याचं काम होतं. सतरा वर्षं त्याने ते केलं. घरीसुद्धा तो तसाच होता. रसिकाने नवीन कुकर आणला तर पहिल्या दिवशी त्यात नुसतं पाणी उकळून शिट्ट्यांमधलं अंतर मोजायचा. तीन वर्षांपूर्वी त्याच्या उजव्या हातातून पेन निसटायला लागलं. तपासण्या झाल्या, आणि मोटर न्यूरॉनचा आजार निघाला. मेंदूचे निरोप स्नायूंपर्यंत पोचणं हळूहळू बंद होत जातं, आणि त्याला उलटं फिरवणारं औषध अजून नाही. मला त्याने फोनवर सांगितलं ते असं : "बॅच रिजेक्ट झाली आहे बे. पण डिस्पॅचला वेळ आहे."

त्या वेळेत काय करायचं याची त्याने यादी वगैरे केली नव्हती. एक दिवस सहज म्हणाला, "मला निळूला सातव्या मजल्यावर न्यायचं आहे."

निळू म्हणजे काय, ते सांगायला हवं. मुकुंद दहा वर्षांचा असताना त्यांच्या घरी टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम आला. त्यात प्लास्टिकची जाड कॅसेट खुपसायची. त्यांच्याकडे एकच कॅसेट होती, तीही वापरलेली, वरचं लेबल फाटून गेलेलं, त्यामुळे खेळाचं नाव कुणालाच माहीत नव्हतं. निळ्या अंगरख्यातला एक बुटका शिपाई सात मजली मनोरा चढायचा. त्याला ही भावंडं निळू म्हणत. मुकुंदची मोठी बहीण शुभाताई त्याच्याहून सहा वर्षांनी मोठी. दोन रिमोटपैकी एक पहिल्याच आठवड्यात बिघडला, म्हणून दोघं एकाच रिमोटवर खेळायची. शुभाताई डाव्या बाजूने निळूला चालवायची आणि मुकुंद उजव्या बाजूने उड्या मारायचा. दोन उन्हाळे ती खेळली. पाचव्या मजल्यापर्यंत कैकदा पोचली, सहाव्यावर दोनदा. सातवा कधी दिसलाच नाही. कारण खेळ साठवून ठेवायची सोय नव्हती, आणि नागपूरच्या उन्हाळ्यात दुपारी लाइट जायची ती जायचीच. लाइट गेली की निळू पुन्हा तळमजल्यावर. मग शुभाताई बारावीला गेली, टीव्ही उचलून आतल्या खोलीत गेला, आणि मनोऱ्याच्या वर काय आहे यावरचा वाद तसाच राहिला. ताई म्हणायची राजकन्या, मुकुंद म्हणायचा खजिना.

आता जुने खेळ मोबाइलवर खेळता येतात हे मलाही माहीत होतं. एम्युलेटर नावाचं ॲप घ्यायचं. ते फोनच्या आत त्या जुन्या यंत्राची हुबेहूब नक्कल करतं, त्याला खेळाची फाइल दिली की झालं. पण खेळाचं नावच माहीत नाही तर फाइल शोधणार कशी? मी दोन रविवार नेटवर घालवले, निळ्या कपड्यातले डझनभर शिपाई त्याला पाठवले, आणि प्रत्येकाला त्याचं उत्तर एकच : "फेल." शेवटी तो म्हणाला, "कॅसेटच आणावी लागेल." शुभाताईंना फोन गेला. त्या नागपुरातच, शाळेत गणित शिकवून नुकतीच स्वेच्छानिवृत्ती घेतलेल्या. कॅसेट त्यांना आईच्या शिवणाच्या डब्यात सापडली, बटणांच्या आणि रिळांच्या खाली. कुरिअरने पाठवायला त्यांनी साफ नकार दिला. "मीच घेऊन येते. हरवली तर कोणाला विचारू?" व्हिसा झाला, आणि ऑक्टोबरात ताई दीड महिन्यासाठी कासलबारला आल्या. कॅसेट पर्समध्ये, रुमालात गुंडाळलेली.

तोवर मुकुंदचा उजवा हात पूर्ण गेला होता. डाव्या हाताचा अंगठा तेवढा त्याचं ऐकत होता. बोलणं जड झालं होतं, पण कळायचं. तो खुर्चीत बसून सांगायचा आणि रसिका करायची. कॅसेट वाचणारं एक छोटं यंत्र त्याने मागवून ठेवलं होतं, ते लॅपटॉपला जोडायचं आणि त्यात कॅसेट लावायची. पण आपल्याकडच्या कॅसेटला साठ पिना, यंत्राची खाच वेगळी. मग मधे लावायचा जोड मागवला, त्यात आठवडा गेला. जोड आला, फाइल निघाली, फोनवर चढवली, आणि पडद्यावर नुसते रंगीत चौकोन. मी त्या दिवशी व्हिडिओ कॉलवर होतो. ताईंचा चेहरा उतरला. "मेली वाटते रे," त्या म्हणाल्या. तीस वर्षांपूर्वीची चिप, मेली असती तर नवल नव्हतं. मुकुंद त्या चौकोनांकडे बघत म्हणाला, "रसिका, खोडरबर." पिना खोडरबराने घासल्या, स्पिरिटने पुसल्या. चौकोन. पुन्हा घासल्या, पुन्हा पुसल्या. पाचव्या वेळेला काळ्या पडद्यावर एक करडा मनोरा उभा राहिला आणि त्याच्या पायथ्याशी निळू डोळे मिचकावत उभा... ताई रडायला लागल्या आणि मुकुंद म्हणाला, "पास."

खरी मेहनत पुढेच होती. मोबाइलच्या पडद्यावर जी बटणं येतात ती दोन धडधाकट हातांसाठी केलेली. मुकुंदचा अंगठा एका रुपयाच्या नाण्याएवढ्या वर्तुळातच हलायचा. एम्युलेटरमध्ये बटणं सरकवता येतात, मोठी करता येतात, नकोत ती काढून टाकता येतात. त्याने त्यावर दहा दिवस घातले. डावीकडे चालण्याची बटणं इतकी जवळ आणली की अंगठा नुसता कलला तरी निळू चालेल. उजवा अर्धा पडदा पूर्ण रिकामा केला आणि तिथे एकच प्रचंड बटण ठेवलं, उडीचं. ते ताईंसाठी. "काहून रे," ताई म्हणाल्या, "या वयात मी उड्या मारू?" तर तो म्हणाला, "तू सहा वर्षं मोठी म्हणून नेहमी तू चालवलंस. आता माझी पाळी."

पण एक भांडण झालं, आणि ते खरं भांडण होतं. मुकुंदचा अंगठा वीस मिनिटांत थकायचा, आणि सात मजले चढायला तास तरी लागणार. एम्युलेटरमध्ये खेळ हवा तिथे थांबवून साठवता येतो. मुकुंद ते करायला तयार नव्हता. म्हणाला, तसं जिंकणं म्हणजे चीटिंग. लाइट गेली की पहिल्यापासून, हाच नियम होता. चार दिवस त्याने ताईंना ते बटण दाबू दिलं नाही, चार दिवस निळू तिसऱ्या मजल्यावरून खाली आला, आणि रोज शेवटी मुकुंदचा अंगठा लुळा पडायचा. ताईंचं परतीचं तिकीट जवळ येत होतं. पाचव्या दिवशी त्यांनी फोन बाजूला ठेवला आणि आयुष्यभर वर्गात वापरलेल्या आवाजात म्हणाल्या, "मुकुंदा, तो नियम नव्हता. ती अडचण होती. अडचणीला नियम म्हणायला कुठे शिकलास?" दुसऱ्या दिवशी सकाळी तो म्हणाला, "मजला संपल्यावर एकदाच साठवायचं. मधे नाही." एवढ्यावर तडजोड झाली, आणि निळू वर जायला लागला. रोज वीस मिनिटं. चौथा मजला, पाचवा, आणि मग सहावा, ज्याला नऊ दिवस लागले.

सातव्याच्या शनिवारी मी मुद्दाम गेलो. वादळाचा इशारा होता, रसिका येऊ नको म्हणत होती, तरी गेलो. दुपारचे दोन वाजले असतील, आभाळ काळंकुट्ट. फोन खुर्चीच्या ट्रेवर स्टँडमध्ये, मुकुंद आणि ताई खांद्याला खांदा लावून. माझं काम त्याच्या कोपराखाली उशी धरून ठेवायचं. पहिल्या सात-आठ वेळा निळू पडला. सातव्या मजल्यावर फळ्या सरकतात, चालणाऱ्याने एक पाऊल टाकायचं आणि त्याच क्षणी दुसऱ्याने उडी मारायची, थोडं जरी मागेपुढे झालं तरी संपलं. "आत्ता!" मुकुंद म्हणायचा, पण शब्द तोंडातून निघेपर्यंत वेळ गेलेली असायची. शेवटी ताई म्हणाल्या, "बोलू नको तू. मी तुझा अंगठा बघते." त्यानंतर त्यांनी पडद्याकडे बघणंच सोडलं. त्या फक्त भावाच्या अंगठ्याकडे बघत होत्या. तो कलला की उडी. पाच फळ्या गेल्या, सहा गेल्या...

आणि लाइट गेली. दिवे गेले, हीटर बंद, फ्रिजची घरघर थांबली, अख्खी वस्ती अंधारली. ताईंच्या तोंडून सवयीने "मेलं!" निघून गेलं. फोन मात्र चालूच होता. त्या काळोख्या खोलीत तेवढाच एक उजेड आणि त्यात निळू एका पायावर तोल सावरत उभा. मुकुंदला आधी कळलं. तो हसायला लागला, त्याचा सगळा देह हसण्याने हलत होता, मी उशी घट्ट धरली होती. "ताई," तो म्हणाला, "लाइट गेली... आणि आपण आहोत!" अंगठा कलला. उडी. पुन्हा कलला. उडी. शेवटची फळी, एक दार, आणि पडदा पांढरा झाला.

मनोऱ्याच्या वर ना राजकन्या होती ना खजिना. एक कट्टा होता, त्यावर निळू बसला, त्याने पाय हलवले, मागून एक पक्षी उडत गेला. संपलं. "इतकंच?" ताई म्हणाल्या. मुकुंदने जी आरोळी मारली ती तेव्हा. शब्द नव्हते तिच्यात. बाहेर वारा कौलं उपटत होता आणि त्याच्या आवाजावर मुकुंदचा आवाज चढला. मग धापा टाकत तो म्हणाला, "इतकंच. पण बघितलं ना!" रसिका स्वयंपाकघरातून मेणबत्ती घेऊन धावत आली, तिला वाटलं काहीतरी झालं. झालंच होतं.

ताई गेल्या. हिवाळ्यात मुकुंदचा अंगठाही गेला, मग आवाज. पण त्याच काळात एक झालं. इस्पितळातून ग्रॉन्या नावाची एक थेरपिस्ट घरी यायची. तिने ती बटणांची मांडणी पाहिली आणि विचारलं, हे मी दुसऱ्या पेशंटना देऊ का? मुकुंद कामाला लागला. डोळ्यांच्या हालचालीने अक्षरं उमटवणाऱ्या संगणकावर त्याने एकेक अक्षर करत सूचना लिहिल्या : एका अंगठ्यासाठी, एका बोटासाठी, हनुवटीसाठी, आणि दोघांनी मिळून खेळण्यासाठी. प्रत्येक मांडणी रसिकाकडून तपासून घेतली. सहा बाद केल्या. सातवी त्याला पटली, तिचं नाव एम-सात. ती पाठवल्यावर त्याने मला दोनच शब्द लिहिले : "डिस्पॅच झालं."

मागच्या आठवड्यात मी कासलबारला गेलो तेव्हा ग्रॉन्याने मला इस्पितळातल्या तिच्या खोलीत बोलावलं. खिडकीपाशी टॉमी नावाचे साठीचे गृहस्थ बसले होते. आधी बस दुरुस्त करायचे. आता त्यांचा एक अंगठा उरला आहे, आणि उजवीकडच्या मोठ्या बटणावर त्यांची बायको. खेळ वेगळाच होता, मोटारींचा काहीतरी. मी कोण हे ग्रॉन्याने सांगितल्यावर त्यांनी मान न वळवता विचारलं, "म्हणजे ही बटणं तुझ्या मित्राने केली? युअर मॅन फ्रॉम इंडिया?"

"हो," मी म्हटलं.

"ग्रँड आहे. पण सांग त्याला, डावं बटण जरा दूर पडतं. माझा अंगठा आखूड आहे."

ग्रॉन्याने माझ्याकडे बघितलं. मुकुंद गेला हे सांगावं का, असा प्रश्न तिच्या चेहऱ्यावर होता. मी खुर्ची ओढून टॉमींच्या शेजारी बसलो. सेटिंगमध्ये गेलो, डावं बटण तीळभर आत घेतलं, आणि त्यांना म्हटलं, आता बघा. त्यांनी अंगठा कलवला. पडद्यावरची गाडी वळली. "दॅट्स इट," ते म्हणाले, आणि बायकोला म्हणाले, "तयार राहा."

बदल साठवायचा का, असं फोनने विचारलं. हो म्हटलं. नाव काय द्यायचं, असंही विचारलं. मी लिहिलं : एम-आठ.