नळीखालची घडी

भोकरच्या बाजारातून परतताना श्रीमंतच्या मोटारसायकलीला रानातला दांडगा रोही आडवा गेला नि तो गाडीसकट आपटला. नांदेडच्या दवाखान्यात तो लई दिवस मशीनवर होता. श्वास चालावा म्हणून डॉक्टरांनी गळ्याला भोक पाडून नळी बसवली. जीव वाचला, माणूस घरी आला, पण नळी तशीच राहिली. श्वास तिथूनच येई-जाई, तोंडातून शब्द फुटेना. "जखम चोख ठेवा, पुढच्या खेपेला नळी काढता येते का बघू," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. बायको तारामती तेवढ्यावर जगत होती.

सुट्टी देताना शांतम्मा सिस्टरनं तिला सगळं शिकवलं होतं. हात धुणं, मशीननं कफ ओढणं, आतली नळी धुणं, नळीखालची गॉजची घडी बदलणं. कफ ओढताना श्रीमंतचे डोळे पांढरे व्हायचे, पण तारामतीचा हात हलत नसे. "झालं, झालं. म्हशीवानी मान नका झटकू."

नणंद पंचफुला बघायला आली की दारातूनच म्हणायची, "वैनी, दादाला गप बसलेलं पैल्यांदाच बगून राहिले. तुजं तर बरंच झालं."

"बरं कशाचं, वन्स? आता भांडायचं कुणासंग?"

गॉजनं कातडी सोलवटली. घडी ओढली की श्रीमंत नुसतं तोंड वासायचा. ते बिनआवाजाचं कळवळणं तारामतीला बघवेना. घरात सासऱ्याचं जुनं धोतर होतं, धुऊन धुऊन लोण्यावानी झालेलं. लेकरांची दुपटी त्यातलीच, भाजलं-कापलं तरी त्याचीच चिंधी. तिनं ते उकळलं, कडक उन्हात वाळवलं, चौकोन कापले, मधोमध कात्रीनं चीर दिली. ती घडी नळीखाली बसली तसं श्रीमंतनं डोळे मिटले. बरं वाटलं असावं. गॉजचे पुडे फळीवरच राहिले.

मग कफाला वास यायला लागला. घडी हिरवट, ओली निघायची. नळीच्या कडेनं लालभडक मांस वर आलं.

"भरून येऊन राहिली जखम," पंचफुला म्हणाली. तारामतीलाही तसंच वाटलं. नवं मांस धरतंय, म्हणून ती मनातून सुखावली.

नांदेडला डॉक्टरीणबाईंनी घडी उचलली आणि चिमट्यानं जखमेतून एक धागा ओढला. मग आणखी एक. दुर्बीण आत घालून बराच वेळ बघितलं.

"कापलेल्या कडांचे दोरे आत गेलेत. जखम पिकलीय, आत मांस वाढून श्वासाची वाट अडलीय. नळी आता काढता येणार नाही. ऑपरेशन करावं लागेल, त्यानंतरचंही आज सांगता येत नाही." त्यांनी ती घडी समोर धरली. "हे कापड कुणी लावलं?"

तारामती बोलायच्या आत श्रीमंतनं बोट आपल्याच छातीवर टेकवलं.

"न्हाई ओ म्याडम. ह्यायला चमचा धरवत न्हाई. म्याच लावलं. मऊ हाय म्हून."

"टोचत होतं तर फोन करायचा. दोरे न सुटणारी मऊ पट्टी मिळते."

"एवढ्याशासाठी फोन कशाला, वाटलं."

बाहेर बाकावर दोघं बसली. आवाज फुटतो का हे डॉक्टरीणबाई तपासायच्या तसं श्रीमंतनं नळीच्या तोंडावर बोट दाबलं. छाती फुगली, चेहरा काळानिळा झाला. आवाज आला नाही. खोकल्यासरशी कफ उडाला, शेजारची माणसं सरकून बसली. तारामतीनं त्याचा गळा पुसला. त्यानं पुन्हा बोट वर नेलं, तेव्हा तिनं तो हात धरून आपल्या मांडीवर दाबून ठेवला.

"कळलं मला. शिव्या द्यायच्या तर आप्रेशन झाल्यावर द्या."

श्रीमंत मान हलवत राहिला. हो म्हणून की नाही म्हणून, तिला कळेना. हात तिनं सोडला नाही.