करवतीच्या वहिनी

बैल घेताना दात बघतात, तशा राजारामपुरीतल्या हार्डवेअर दुकानाच्या वहिनी करवतीचे दात बघायच्या. त्याआधी गिऱ्हाइकाची तपासणी. "काय कापायचंय, पावणं?" नुसतं 'लाकूड' म्हणणाऱ्याची धडगत नसे. "लॅमिनेट म्हंजे लाकूड न्हाय की! वरचा पापुद्रा लई नाजूक. मोठ्या दातानं कड उंदरानं खाल्ल्यागत हुती."

जिगसॉवाल्याला, म्हणजे विजेवरची छोटी करवत असणाऱ्याला, त्या उलट्या दाताचं पातं देत, म्हणजे वरची कड उडत नाही. महागडं मशीन मागणाऱ्याला मात्र चक्क परावृत्त करत. मलाही म्हणाल्या, "एका खोलीसाठी मशीन घिऊन काय पूजा करणार हायस? बारीक दाताची हातकरवत ने. चांगली बाजू वर ठेव आणि दाबू नगं." असला धंदा त्याच करू जाणोत.

ती खोली माझ्या वडिलांची, आबांची. अर्धांगाचा झटका आल्यापासून त्यांचा उजवा पाय घासत चालायचा आणि जुन्या फरशीच्या खाचांत अडकायचा. न्हाणीपर्यंत मी धरून न्यायचे आणि दाराबाहेर उभी राहायचे. लेकीनं असं उभं राहावं, यानं त्यांना मेल्याहून मेल्यासारखं होई.

फरशीवर लॅमिनेटच्या फळ्या बसल्या, पण घोडं न्हाणीच्या दाराशी अडलं. चौकटीभोवती फळी कापली की फट राहायची आणि पाय नेमका तिथं अडखळायचा. दुकानात जाऊन विचारलं, तर वहिनी म्हणाल्या, "फळीला नगं, चौकटीला बुडात काप. फळी तिच्याखाली सरकव."

आबा खवळले. "गगनबावड्यासनं फणसाचं लाकूड आणून केलिया ती चौकट. करवत लावून तर बघा!"

हे कळताच वहिनी दुकान बंद करून आमच्या घरी आल्या. "आबा, चौकट मोठी का तुमचा पाय?"

आबांनी चौकटीकडे पाहिलं, मग पायाकडे. म्हणाले, "काप."

वहिनींनी फळीचा एक तुकडा चौकटीला टेकवून जमिनीवर ठेवला, त्यावर करवत आडवी धरली आणि तेवढ्याच उंचीवर चौकट कापली. फळी अलगद चौकटीखाली सरकली.

वहिनी आता नाहीत, पण त्या दुपारसाठी मी त्यांची जन्माची ऋणी आहे. आबा वॉकर धरून उठले. मी पुढं झाले, तर वहिनींनी माझा दंड धरला. पाय घासत घासत दारापाशी गेला, कुठं अडला नाही. दार लागलं. आतून कडी घातल्याचा आवाज आला.

मला हुंदका आवरेना. वहिनींनी माझ्या हातात केरसुणी दिली.

"रडायचं मागनं. आदी भुसा झाड, येताना पाय घसरंल त्यांचा."