राक्षसाचा खिसा

माझी मावशी शाळेचे गणवेश शिवते. हात इतका बसलेला, की गप्पांच्या नादात सदरा पुरा होतो. या सवयीनंच एकदा तिचा घात केला. तरुणपणी तिला सिनेमाचं काम मिळालं. परग्रहावरून आलेल्या, माणसं खाणाऱ्या राक्षसाचा रबरी अंगरखा तिनं घाईघाईत शिवून दिला. शूटिंगच्या सकाळी ध्यानात आलं, की सवयीच्या भरात आपण त्याच्या छातीवर खिसा लावलाय. उसवायला वेळ नव्हता. वरून हिरवा रंग फासला आणि राक्षस निघाला माणसं खायला.

त्या सिनेमाच्या जुन्या कॅसेटवर नुसता काळोख, त्यामुळे झाकली मूठ सव्वा लाखाची. पण परवा मी त्याच सिनेमाची नवी एचडी डिस्क कौतुकानं आणली, तर मावशीचं तोंड उतरलं.

"कॅसेट काय वाईट होती?"

"अगं, तिच्यात काही दिसायचंच नाही."

"तेच बरं होतं," ती म्हणाली आणि तेव्हा कुठे तिनं मला खिशाचं सांगितलं. "आता चारचौघांत हसं होणार माझं."

मला हसू आवरेना. ती मात्र खरोखरच धास्तावली होती.

रविवारी दुपारी पडदे ओढून सगळे बसलो. मावशी मान खाली घालून सदऱ्याच्या बटणांची काजं करत होती. माझी मुलगी छकुली तिला चिकटलेली. चित्र इतकं लख्ख, की नायिकेच्या कपाळावरचा घामसुद्धा दिसत होता. तेवढ्यात राक्षस उजेडात आला आणि खिसा ठळक दिसला. मावशीनं डोळे गच्च मिटले.

"बाबा, त्याला पिशवी आहे," छकुली कुजबुजली. "पिल्लं ठेवायला."

झालं. तिथून पोरगी राक्षसाच्या बाजूची. माणसं खाल्ली तरी म्हणे, पिल्लांना भूक लागली असेल. शेवटी सैनिकांनी त्याला कड्यावरून ढकललं, तेव्हा ती मुसमुसायला लागली.

"आजी, पिल्लं सांडली असतील ना?"

मावशीनं काजाचं काम बाजूला ठेवलं. मान वर करून पडद्याकडे नीट पाहिलं. मग छकुलीला जवळ ओढलं.

"नाही गं बाई. दुहेरी टीप आहे तिथं. मी घातलीय."