नाव पुसलेल्या ट्रंका

फोर्टातल्या त्या आर्ट गॅलरीत धोंडूकाका आपल्या ट्रंकेसमोर उभे होते. ट्रंकेवर त्यांचं नाव नव्हतं.

पांढऱ्या भिंतीपुढे आमच्या खोलीतल्या बारा ट्रंका रचून ठेवलेल्या. वरून पिवळा लाईट. समोर दोरी. पत्रा घासून चकाचक केलेला. काकांनी वाकून एका पोच्यावरून आपली ट्रंक ओळखली. चष्मा पुसला. पुन्हा पाहिलं. मग मला म्हणाले, "माजा नाव खंय गेला रे? माका खोलीतसून काढलास काय?"

आजूबाजूचे लोक हातात ग्लास घेऊन कौतुकाने हसले. त्यांना म्हातारा गोड वाटला.

त्यांना काय माहीत आमची खोली. करी रोडच्या चाळीतली ही खोली आमच्या गावकीची. वाडीतला कुणीही पुरुष मुंबईत आला की इथेच उतरतो. पूर्वी गिरणीत जायचे, आता वॉचमन, कुरियर, हॉटेल. प्रत्येकाला वळकटीपुरती जागा आणि एक ट्रंक. ट्रंकेवर ऑइलपेंटने नाव. माणूस आजारपणात दोन वर्षं गावी राहिला तरी नाव आहे तोवर त्याची जागा कुणी घेत नाही. नाव पुसतात ते माणूस मेल्यावर, नाहीतर गावकीने त्याला काढून टाकल्यावर.

माझ्या वडिलांचं नाव मी स्वतः रॉकेलच्या फडक्याने पुसलं होतं. ट्रंक मला मिळाली. पण तिच्यावर मी माझं नाव घातलं नाही. आमच्या वाडीतला पहिला पदवीधर मी. मला त्या पत्र्याची लाज वाटायची.

मग हे प्रदर्शन मांडणारी कलाकार आली. मोठं नाव. 'मॅडम नको, ताई म्हणा,' म्हणाली. श्रम आणि स्थलांतर यावर काम करायचं होतं. आठ महिने आमच्यात जमिनीवर बसली, सुकट-भाकरी खाल्ली, सगळ्यांचं बोलणं रेकॉर्ड केलं. "हे आपण सगळे मिळून करतोय," असं दर वेळी म्हणायची. मी ते बोलणं इंग्रजीत करून द्यायचो. हवेत होतो मी. ट्रंका मागितल्या तेव्हा कुणी द्यायला तयार नव्हतं. मीच गळ घातली. काका म्हणाले, "तुज्या शब्दार देतंय." गंज तेवढा काढून घेते, असं ताई म्हणाली. टेम्पोत ट्रंका मीच चढवल्या.

आता मी तिच्याकडे गेलो. "ताई, नावं का काढली?"

"अरे, नावं असली की त्या अमक्या-तमक्याच्या ट्रंका होतात. काढली की सगळ्या स्थलांतरितांच्या होतात. आणि आयडिया तुझीच! तुझी ट्रंक कोरी होती ना, ती बघूनच सुचलं मला."

मी भिंतीकडे बोट केलं.

"भिंतीवर तुमचं नाव आहे," मी म्हणालो. एकेक अक्षर माझ्या डोक्याएवढं. खाली बारीक टायपात, 'करी रोडच्या कष्टकरी समुदायाच्या सहभागातून'.

तिने माझा खांदा थोपटला. "काकांचं समजू शकते मी. पण तू? तू तर शिकलेला आहेस ना?"

शिकलेला. म्हणजे मी काकांना गोड बोलून खुर्चीत बसवायचं होतं. आठ महिने दुसरं काय करत होतो मी?

तेवढ्यात तिने मला माईकवर बोलावलं. आभाराचं भाषण इंग्रजीत पाठ करून आणलं होतं. ते केलं नाही. अकरा नावं घेतली. नाव, बापाचं नाव, आडनाव. ट्रंकेवर होती तशी. तिसऱ्या नावाला हसणं थांबलं. सातव्याला कुणीतरी टाळी वाजवली. हाही कार्यक्रमच वाटला त्यांना.

मग मी दोरी ओलांडली. वरच्या दोन उतरवल्या आणि काकांची ट्रंक खांद्यावर घेतली.

"अहो, आर्ट इन्स्टॉलेशन आहे ते!" कुणीतरी ओरडलं.

"ट्रंक आसा ती," काका म्हणाले. "माजी."

बाकीच्या ट्रंका आठवड्याभरात परत आणल्या. भांडून. काळा ऑइलपेंट आणून नावं मीच घातली. काका शेजारी बसून काना-मात्रा तपासत होते. माझ्याशी मात्र अजून धड बोलत नाहीत. बरोबर आहे त्यांचं. शब्द माझा होता.

परवा ताईचा फोन आला. परदेशात प्रदर्शन आहे, ट्रंका हव्यात. नावं राहू देईन म्हणाली, कोपऱ्यात एक छोटं कार्डही लावेन.

मी म्हणालो, "बारा नावं भिंतीवर. तुमच्या नावाएवढ्या अक्षरांत. आणि काय ठेवायचं, काय पुसायचं, ते आमच्या खोलीत बसून ठरेल. सगळ्यांसमोर."

"तू आता मला अटी घालणार?"

"हो."

तिने फोन ठेवला. ठेवू दे.

बारावी ट्रंक माझी. तिच्यावरही नाव घातलंय आता, वडिलांच्या नावासकट. ते कुणाला पुसायचंच असेल तर मी मेल्यावर पुसा.